आर्मेल सरांचा सत्कार

दोह्याच्या बिन महमूद भागातल्या आमच्या फ्लॅटमधल्या सगळ्या वस्तू त्या काळात चिकट होत्या, आणि त्याचं कारण मी होते. हँडबॉल खेळणारी माणसं बोटांना राळ लावतात. उडी मारून एका हातानं बॉल फेकायचा तर तो हाताला धरून राहायला हवा, म्हणून डब्यातून मधासारखी दिसणारी राळ बोटांनी काढायची, थोडी बुटाच्या कडेला चोपडून ठेवायची आणि खेळताना लागेल तशी पुसून घ्यायची. मी गोलकीपर, म्हणजे मला ती लावायची गरजच नव्हती. पण समोरून येणारा प्रत्येक बॉल राळेनं माखलेला असायचा आणि तो मी हातांनी, पायांनी, पोटानं, कधी कधी तोंडानं अडवायचे. सरावाहून घरी आले की फ्रीजचं हँडल, बाथरूमची कडी, टीव्हीचा रिमोट, आईचा फोन, जिथे हात लागेल तिथे माझी बोटं उमटायची आणि त्यावर दोह्याची बारीक धूळ येऊन बसायची. एकदा मी पोळपाट सरकवला आणि त्यानंतर आईनं लाटलेली पोळी उचलताना मधोमध फाटली. "शी! धुपात घालायची राळ ही पोरगी अंगाला फासून येते," असं म्हणत आईनं मला सिंकपाशी उभं केलं आणि खोबरेल तेलानं कोपरापर्यंत चोळून काढलं. मलाही ती राळ मनापासून घाण वाटायची. आजही मी जिलेबी चमच्यानं खाते आणि लोक हसतात.

बाबा मेसईदला खताच्या कारखान्यात इंजिनिअर होते. कंपनीची बस पहाटेच कोपऱ्यावर यायची, त्यामुळे आमच्या घरचा दिवस बाबांच्या गुळण्यांनी सुरू व्हायचा. घशाच्या तळापासून काढलेल्या त्या गुळण्या, मग अजान, मग कुकरची शिट्टी आणि डब्यात पोळ्या दुमडून ठेवताना वाजणाऱ्या आईच्या बांगड्या. मला तेव्हा बाबांच्या पुष्कळ गोष्टींची किळस यायची. गुळण्यांची यायची, जेवण झाल्यावर बडीशेप चघळत दात कोरण्याची यायची, आणि साहेबाचा फोन आला की उभं राहून बोलण्याची तर फारच. साहेब तिकडे फोनवर, आणि आमच्या हॉलमध्ये बाबांची पाठ आपोआप वाकलेली. त्या पाठीबद्दल आता मला काही वाटत नाही, तिच्यावरच आमचं घर चाललं होतं. गुळण्यांबद्दल अजून वाटतं.

आई लग्नाआधी नाशिकला शाळेत मराठी शिकवायची. दोह्यात तिला शिकवायला मी एकटीच सापडले. आमच्या इमारतीतली बाकीची मराठी मुलं आईबापांनी मराठीत विचारलेल्याला इंग्रजीत उत्तर द्यायची आणि त्यांच्या घरी ते चालायचं. आमच्याकडे माझ्या तोंडून इंग्रजी वाक्य निघालं की आई बहिरी व्हायची. शुक्रवारी सकाळी पोह्यांचा वास घरभर पसरलेला असायचा, पण एक पान मोठ्यानं वाचून दाखवल्याशिवाय बशी पुढे येत नसे. एखादा शब्द घाईत गिळला गेला की पुन्हा पहिल्या ओळीपासून. पोहे गार व्हायचे आणि मला मराठीचा राग यायचा.

आर्मेल सर हँडबॉल शिकवायला शाळेत आले तेव्हा आम्हा मुलींना वाटलं, कुणाचे तरी आजारी वडील मुलीला न्यायला आले आहेत. उंच, थोडे पुढे झुकलेले, डोक्यावर केस नाहीत आणि डावा खांदा उजव्यापेक्षा खाली उतरलेला. आम्ही भिंतीला टेकून पाणी प्यायला बसलो की ते आपली हकीकत तुकड्यातुकड्यांनी सांगायचे. फ्रान्समधल्या समुद्रकाठच्या एका गावात ते वाढले. गावात मासे डब्यांत भरायचा कारखाना होता आणि शाळेच्या व्यायामशाळेत हँडबॉलचे दोन गोल होते. सर डावखुरे. हँडबॉलमध्ये डावखुऱ्याला सोन्याचा भाव असतो, कारण उजव्या बाजूनं गोलवर नीट फेकता येतं ते त्यालाच. शाळा संपायच्या आत एका क्लबनं त्यांना उचललं. मग मोठा क्लब, मग त्याहून मोठा, मग स्पेनमधला, रात्ररात्र बसचे प्रवास, आणि मधे थोडे दिवस देशाच्या संघाचा शर्टसुद्धा. मग खांदा गेला. मॅचच्या आधी डॉक्टर सुई घेऊन यायचा आणि मॅचनंतर बर्फ घेऊन, असं ते चालू राहिलं, आणि शेवटी तो हात कानाच्या वर जाईना. एका आखाती क्लबकडून शेवटचा हंगाम काढून ते निवृत्त झाले आणि आमच्या शाळेत लागले. आम्हाला बॉल फेकून दाखवायचा झाला तर ते उजव्या हातानं फेकायचे, एखाद्या नवशिक्यासारखा. मला मात्र ते एकच गोष्ट सांगायचे. डोळे मिटायचे नाहीत. बॉल तोंडावर येत असला तरी नाही. ज्याची मला अजिबात किळस येत नाही असं मोठं माणूस त्या वयात माझ्या ओळखीत ते एकच होतं.

त्या वर्षी आखातातल्या शाळांमधून निवडलेल्या मुलींचं शिबिर मस्कतला होणार होतं. गोलकीपर म्हणून सरांनी माझं नाव सुचवलं होतं आणि घरून होकार आणायला सांगितलं होतं. मला त्या शिबिराइतकं दुसरं काही हवं असल्याचं आठवत नाही. गोलमध्ये हातपाय पसरून उभी राहिले की माझ्या डोक्यातली सगळी कटकट बंद व्हायची, आणि तसे सलग पुष्कळ दिवस मला मिळणार होते. बाबांनी ताटावरून मान वर न करता विचारलं, "हातानं बॉल अडवून कुठल्या कॉलेजला ॲडमिशन मिळते?" मग वरणात लिंबू पिळलं आणि विषय खलास.

बाबा मराठी मंडळाच्या क्रीडा समितीचे प्रमुख होते. बॅडमिंटन, कॅरम, बायकांची लंगडी असे सामने व्हायचे आणि मग शुक्रवारी सकाळी भाड्याच्या हॉलमध्ये बक्षीस समारंभ, भाषणं आणि जेवण. मंडळाचे जुने फलक आमच्या सोफ्याच्या मागे गुंडाळून ठेवलेले असायचे. पाहुणे म्हणून दरवर्षी कुठल्या तरी बँकेचे मॅनेजर यायचे, त्या वर्षी ते ऐन वेळी भारतात गेले. बाबांना एकदम आठवलं की आपल्या मुलीचा कोच फ्रान्सकडून खेळलेला आहे. त्यांनी ग्रुपवर टाकलं, 'या वर्षी फ्रेंच इंटरनॅशनल प्लेअर!' कुणी तरी विचारलं, 'फुटबॉल?' बाबांनी होकाराचा अंगठा टाकला. संध्याकाळपर्यंत फलकाचं चित्रसुद्धा तयार झालं, त्यात सरांचा फोटो होता आणि फोटोच्या पायाशी फुटबॉल.

"बाबा, ते हँडबॉल खेळायचे," मी म्हटलं.

"माहितीये गं मला."

"मग ग्रुपवर लिहा ना तसं."

"लिहिलं तर येणार कोण? हँडबॉल म्हटलं की लोक विचारतात, म्हणजे व्हॉलीबॉल का? फ्रान्स म्हटलं की फुटबॉल. तू डिटेल्समध्ये कशाला शिरतेस? माणूस फ्रेंच आहे, प्लेअर आहे, उंच आहे. झालं." मग जरा थांबून म्हणाले, "पाहुण्यांचा परिचय तू करून दे. मराठीत. फुटबॉलचं एखादं वाक्य टाक मधे, आणि मग मस्कतचं बघू आपण. इन्शाल्ला."

बाबांचं इन्शाल्ला बहुतेक वेळा नकार असायचं. त्या दिवशी ते होकारासारखं वाटलं, आणि त्याचीच मला शिसारी आली. त्यांच्या सौद्यातलं होतं ते, भाजीवाल्यानं कोथिंबीर वर टाकावी तसं. मी आईकडे पाहिलं. आई म्हणाली, "परिचय लिहून दाखव मला, शुद्धलेखन बघते."

पाहुण्यांना घरी जाऊन रीतसर आमंत्रण दिलंच पाहिजे, असं आईचं मत. बाबा ड्युटीवर, म्हणून आम्ही दोघी निघालो. आईच्या पिशवीत चकल्यांचा डबा आणि एक नारळ होता. मुशैरिबला मेट्रो बदलून रेड लाइननं अल वक्र्याला उतरलो. सर एका व्हिलाच्या मागच्या खोलीत राहायचे. ती खोली आठवली तरी नाकात वास येतो. दमट बूट, मलम, आणि सिंकमध्ये भांड्यांचा ढीग, त्यावर कसलं तरी पिवळं चीज वाळलेलं. पडदे ओढलेले. सरांनी डाव्या खांद्यावर गोठवलेल्या मटारची पिशवी ठेवली होती, तशीच धरून त्यांनी दार उघडलं. आई खुर्चीच्या कडेवर बसली आणि पदर तिनं कशालाही लागू दिला नाही. मला वाटलं होतं की खरी गोष्ट कळली की सर येणारच नाहीत. त्यांनी येऊच नये, असंच मला वाटत होतं. म्हणून मी सरळ सांगून टाकलं, "सर, हे लोक तुम्हाला फुटबॉलर म्हणून बोलावतायत."

"ठाऊक आहे," ते इंग्रजीत म्हणाले. आमचं बोलणं नेहमी इंग्रजीतच व्हायचं. "तुझ्या वडिलांनी फोनवर सांगितलं. सभ्य माणूस आहे, आधी विचारलं त्यांनी. मी म्हटलं, माझी हरकत नाही."

"पण ते खोटं आहे."

त्यांनी चकली उचलली, उलटसुलट करून पाहिली आणि एक वेढा तोडला. मग त्यांनी मला त्यांच्या शेवटच्या हंगामाची गोष्ट सांगितली, जी भिंतीला टेकून बसलेल्या मुलींना कधी सांगितली नव्हती. त्या क्लबनं त्यांना आणलं तेव्हाच हात वर जात नव्हता, आणि आणणाऱ्यांना ते माहीत होतं. त्यांना खेळाडू नको होता, फलकावर चेहरा हवा होता. प्रत्येक मॅचच्या आधी दिवे मालवायचे, एकट्या सरांवर उजेड टाकायचे, नाव पुकारायचे. सर धावत मैदानाच्या मधे जायचे, उजवा हात हलवायचे आणि परत येऊन बाकावर बसायचे. हंगामभर.

"तुम्हाला किळस नाही आली?" मी विचारलं.

"आली ना. मग जेवण आलं." ते हसले. "त्याआधीही तेच होतं गं. सुई टोचणाऱ्या डॉक्टरची किळस यायची, नोकराशी बोलावं तसं बोलणाऱ्या मालकांची यायची. पण मला मॅच हवी होती, आणि मॅच त्यांच्याकडे होती."

आईला इतकं सगळं समजलं की नाही, कोण जाणे. तिनं नारळ त्यांच्या हातात दिला आणि म्हणाली, "प्लीज कम विथ फॅमिली." फॅमिली नव्हती. परतीच्या गाडीत मी खिडकीला कपाळ लावून बसले होते. ज्या माणसानं मला तोंडावर येणाऱ्या बॉलकडे बघायला शिकवलं, त्याला आपल्याला कुणी काय म्हणतं याचं काहीच नव्हतं. घरी आल्यावर मी लिहिलेला परिचय फाडला आणि नवा लिहिला. मस्कत गेलं तर गेलं, असं ठरवलं. आईनं तो वाचला. एक शब्दही बदलायला सांगितला नाही, दोन ठिकाणचे अनुस्वार तेवढे दिले.

समारंभाच्या दिवशी हॉल गच्च भरला होता. पोरं फ्रान्सच्या फुटबॉल संघाचे निळे शर्ट घालून आली होती. स्टेजवर समई, मागे तो फलक, आणि हॉलच्या मागच्या बाजूला केटररची माणसं मसालेभाताच्या परातींवरचा चंदेरी कागद काढत होती. सर पांढरा शर्ट घालून खुर्चीत अवघडून बसले होते. मी माईकसमोर गेले. मी सावकाश, एकेक शब्द सुटा करून बोलले. म्हटलं, आजचे पाहुणे फुटबॉल खेळलेले नाहीत. ते हँडबॉल खेळले. ते डावखुरे आहेत आणि ज्या हातानं ते खेळले तो हात आता त्यांच्या कानाच्या वर जात नाही. त्या खांद्याच्या सांध्यात इतक्या वेळा सुई टोचली गेली की पुढे पुढे दुखणंसुद्धा त्यांना परक्याचं वाटायचं. आपण त्यांना दुसऱ्याच खेळाच्या नावानं बोलावलं आहे आणि ते तरीही आले आहेत, तेव्हा निदान एकदा त्यांचं खरं काम काय होतं ते ऐकून घेऊ या. मग मी त्यांचं गाव सांगितलं, कारखाना सांगितला, क्लब सांगितले, आणि तो बाकावर काढलेला हंगामही सांगितला. देशाच्या संघाचा उल्लेख आला तेव्हा टाळ्या पडल्या. बाकीच्या वेळी पुरीच्या वासाकडे माना वळलेल्या दिसत होत्या. बाबा पहिल्या रांगेत होते. ते माझ्याकडे बघत होते आणि त्यांच्या चेहऱ्यावरून मला काहीच कळत नव्हतं.

मंडळाचे अध्यक्ष सोनवणे काका उठले. त्यांनी सरांच्या खांद्यांवर शाल घातली, हातात श्रीफळ दिलं आणि डोक्यावर पगडी ठेवली. पगडी लहान, डोकं मोठं. सर खाली वाकले, पगडी घसरली, आणि ती सावरायला डावा हात वर जाईना, उजव्यात नारळ. हॉल हसला. मग कुणी तरी मुलाच्या हातून फुटबॉल आणला आणि ओरडलं, "सर, वन किक!" मोबाइल वर झाले. मला वाटलं, आता तरी नाही म्हणतील. सरांनी नारळ समईशेजारी ठेवला, शाल गळ्याशी बांधली, आणि पगडीसकट धावत येऊन बॉलला लाथ मारली. बॉल फलकावर त्यांच्याच फोटोच्या तोंडावर बसला. अशा टाळ्या आमच्या मंडळात मी कधी ऐकल्या नव्हत्या. सर दात काढून हसत होते, वाकून नमस्कार करत होते, आणि मग सह्यांसाठी रांग लागली ती सगळी फुटबॉल घेऊन. त्यांनी एकेकावर मनापासून सही केली. मला सगळ्यांचीच घाण वाटत होती, आणि सर्वांत जास्त त्या हसण्याची.

तेवढ्यात सोनवणे काकांनी पुन्हा माईक घेतला. "मंडळी, खरा सत्कार तर या मुलीचा व्हायला पाहिजे," ते म्हणाले. "दोह्यात वाढलेली पोर, आणि काय अस्खलित मराठी! एक इंग्रजी शब्द नाही हो!" हँडबॉल हा शब्द मी किती तरी वेळा उच्चारला होता. तो कुणाला इंग्रजी वाटला नाही, कारण तो कुणी ऐकलाच नव्हता. काकांनी मला स्टेजवर बोलावलं आणि उरलेली एक शाल माझ्या अंगावर घातली. खाली उतरले तर काकू मंडळींनी घेरलं. "हिला वाचायला काय देता हो?" असं त्या आईला विचारत होत्या. "आमच्याकडे दोघंही नुसतं मम्मा, पप्पा." आईनं डोळे पुसले. मी तिला लग्नाच्या फोटोंतही इतकी खूश पाहिलेली नाही.

घरी जाताना बाबा गाडी चालवत गुणगुणत होते. सिग्नलला थांबल्यावर म्हणाले, "सोनवणे म्हणत होते, पुढच्या वर्षी सूत्रसंचालन हिलाच द्या. आणि बरं का, मस्कतला नाव देऊन टाक तू."

"मी काय बोलले ते ऐकलंत तुम्ही?"

"ऐकलं की. छान बोललीस."

"मी सगळ्यांसमोर सांगितलं की ते फुटबॉल खेळलेले नाहीत."

"सांगितलंस ना. कुणाचं काही बिघडलं का? कार्यक्रम मस्त झाला." सिग्नल सुटला.

पुढच्या सीटवरून आई म्हणाली, "'डावखुरे' फार छान म्हटलंस. 'सांधा' जरा घाईत गेला."

मी खिडकी खाली केली. बाहेरची गरम हवा आणि पेट्रोलचा वास आत आला. मांडीवर ती मंडळाची शाल होती, नायलॉनची, बोटांना अडकणारी. गाडीतून उतरून चालत जावं, मस्कत नको म्हणावं, असं बरंच काही मनात आलं. हे मी अनेकदा आठवून पाहिलं आहे. मनात ते सगळं येत असतानाच माझं तोंड बोललं, "परवाच देते नाव."

रविवारी सरावाला गेले. सर एकटेच होते, जाळी ठीकठाक करत होते. त्यांना मी घरचा होकार सांगितला. त्यांना आनंद झाला, पण आश्चर्यही वाटलेलं दिसलं.

"वडील कसे तयार झाले?" त्यांनी विचारलं. "काय करावं लागलं तुला?"

"मराठी चांगलं बोलले."

"एवढंच?"

"एवढंच."

त्यांनी जाळीची शेवटची गाठ आवळली.

"मग स्वस्तात सुटलीस," ते म्हणाले, आणि मला गोलमध्ये जाऊन उभं राहायला सांगितलं.